चौथरा आणि पडदा : रिंकू राजगुरूची कारकीर्द आणि २०१६ हे वर्ष

१/
अहिल्यानगर जिल्ह्याच्या नेवासा तालुक्यातील शनिशिंगणापूर हे गाव घरांना दारे नसल्यामुळे देशभर ठाऊक आहे. चौकटी आहेत, पण फळ्या नाहीत. २०११ मध्ये गावात बँकेची शाखा आली, तेव्हा तिच्या कुलूप नसलेल्या दाराचीच बातमी झाली. मात्र याच गावात एक जागा अशी होती, जिथे दार नसतानाही निम्म्या समाजाला प्रवेश नव्हता. ती म्हणजे शनीच्या शिळेचा चौथरा.

२/
२०१६ च्या एप्रिलमध्ये ती जागा खुली झाली. त्याच एप्रिलच्या अखेरीस या भागाला लागून असलेल्या उसाच्या पट्ट्यात घडणारा एक मराठी चित्रपट प्रदर्शित झाला आणि अकलूजची एक शाळकरी मुलगी महाराष्ट्राच्या घराघरांत पोहोचली. या दोन घटनांत कार्यकारणसंबंध नाही. परंतु त्या शेजारी ठेवून पाहिल्या, तर एका अभिनेत्रीची कारकीर्द निव्वळ नशिबाची गोष्ट न राहता इतिहासाचा विषय होते. या धाग्यात तीच मांडणी आहे.

३/
आधी चौथरा. शिंगणापूरला मंदिराची बंदिस्त वास्तू नाही. काळी शिळा उघड्यावर, चौथऱ्यावर उभी आहे. गावाची कीर्ती पंचक्रोशीबाहेर नेण्यात पडद्याचाही वाटा आहे. १९९० च्या दशकात गुलशन कुमार यांच्या कंपनीने शनिमाहात्म्यावर काढलेला भक्तिपट आणि त्याच्या कॅसेटी उत्तर भारतापर्यंत पोहोचल्या आणि शनी अमावास्येची गर्दी वाढत गेली. गावाची प्रसिद्धी आधुनिक होती, चौथऱ्याचा नियम मात्र परंपरेच्या नावाने चालत राहिला.

४/
त्या नियमाला पहिले मोठे आव्हान २००० च्या सुमारास मिळाले. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांच्या नेतृत्वाखाली महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीने आंदोलन उभारले आणि ज्येष्ठ अभिनेते डॉ. श्रीराम लागू त्यात उतरले. प्रश्न न्यायालयात गेला, चौथरा मात्र बंदच राहिला.

नोव्हेंबर २०१५ मध्ये एक स्त्री गर्दीतून चौथऱ्यावर चढली, तिने दर्शन घेतले आणि ती निघून गेली. त्यानंतर शिळेला दुग्धाभिषेक करून 'शुद्धीकरण' झाले. २६ जानेवारी २०१६ रोजी तृप्ती देसाई यांच्या भूमाता ब्रिगेडचा मोर्चा पुण्याहून निघाला, तो सुपे येथे अडवण्यात आला.

५/
आता २०१६ चे दिनमान पाहावे.

२८ मार्च : ६३ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांची घोषणा. 'सैराट'मधील भूमिकेसाठी रिंकू राजगुरूचा विशेष उल्लेख. चित्रपट तेव्हा प्रदर्शितही झालेला नाही.

१ एप्रिल : विद्या बाळ आणि नीलिमा वर्तक यांच्या याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयाचा निर्णय. मंदिरप्रवेश हा स्त्रियांचा मूलभूत हक्क असून १९५६ च्या राज्य कायद्याची अंमलबजावणी करणे सरकारचे कर्तव्य आहे.

२ एप्रिल : न्यायालयाचा निर्णय हाती असतानाही कार्यकर्त्या स्त्रियांना शिंगणापुरात अडवले जाते.

८ एप्रिल, गुढीपाडवा : वादामुळे पुरुषांनाही चौथरा बंद करण्यात आला होता. ती बंदी मोडून गावकरी पुरुष जलाभिषेक करतात. त्याच दिवशी विश्वस्त मंडळ चौथरा सर्वांसाठी खुला करते आणि स्त्रिया वर जातात.

२९ एप्रिल : 'सैराट' प्रदर्शित.

३ मे : दिल्लीत पुरस्कार वितरण.

६/
३ मे या तारखेला भारतीय चित्रपटाच्या इतिहासात वेगळे महत्त्व आहे. १९१३ साली याच दिवशी दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' मुंबईच्या कोरोनेशन थिएटरात लागला. त्यात तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या पुरुषाने केली होती, कारण पडद्यावर यायला स्त्री मिळत नव्हती. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची कन्या कमलाबाई मोहिनी झाली. कमलाबाई, म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, तेव्हा किशोरवयीन होत्या. भारतीय पडद्यावरची पहिली नायिका अशी एक अल्पवयीन मराठी मुलगी आहे. बरोबर १०३ वर्षांनी, त्याच तारखेला, दुसरी एक किशोरवयीन मराठी मुलगी राष्ट्रपतींच्या हस्ते सन्मान स्वीकारत होती.

७/
रिंकूचा जन्म ३ जून २००१ रोजी सोलापूर जिल्ह्यातील अकलूज येथे झाला. आईवडील दोघेही शिक्षक. नाटकाचे शिक्षण नाही, मुंबईची ओळख नाही. दिग्दर्शक नागराज मंजुळे यांनी तिची निवड केली तेव्हा ती सातवीत होती. चित्रीकरण झाले ते मुख्यतः करमाळा तालुक्यात. करमाळ्याची शीव नगर जिल्ह्याला लागते. मंजुळे स्वतः करमाळा तालुक्यातील जेऊरचे. संज्ञापनाचे शिक्षण त्यांनी अहमदनगरच्या न्यू आर्ट्स महाविद्यालयात घेतले आणि 'पिस्तुल्या' हा त्यांचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवणारा लघुपट त्याच शिक्षणाच्या काळातला. 'सैराट'चा भूगोल असा नगर आणि सोलापूर या दोन जिल्ह्यांत मिळून पसरलेला आहे.

८/
हा भूगोल उसाचा आहे. सहकारी साखर कारखानदारीचा पाया नगर जिल्ह्यातच प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी घातला. शिंगणापूरशेजारच्या सोनईत मुळा कारखाना आहे, अकलूजलाही मोठा सहकारी कारखाना आहे. कारखाना, बँक, महाविद्यालय आणि निवडणूक ही सत्तेची साखळी या पट्ट्यात एका घराभोवती फिरताना दिसते. 'सैराट'मधील आर्ची, म्हणजे अर्चना पाटील, अशाच एका घरातली आहे. ती बुलेट चालवते, ट्रॅक्टर चालवते, वर्गात उठून बोलते, आवडलेल्या मुलाकडे स्वतः रोखून पाहते. मराठी प्रेक्षकाला हा धक्का होता आणि आनंदही होता.

९/
पण आर्चीचा आत्मविश्वास कुठून आला, हे चित्रपट लपवत नाही. तो बापाच्या वाड्यातून आलेला आहे. खालच्या मानल्या गेलेल्या जातीतील परश्यावर प्रेम करताच तो वाडाच तिचा वैरी होतो. हैदराबादेत झोपडीत राहणारी, कारखान्यात काम करणारी, भाषा नव्याने शिकणारी आर्ची ही दुसरीच व्यक्ती आहे. पूर्वार्धातला रुबाब आणि उत्तरार्धातली कोसळून पुन्हा उभी राहणारी मुलगी, ही दोन्ही टोके चौदा-पंधरा वर्षांच्या मुलीने पेलली. परीक्षकांनी विशेष उल्लेख केला, तो एवढ्या कामाचा होता.

१०/
चित्रपटाचा शेवट कपोलकल्पित म्हणता येत नाही, हे याच जिल्ह्याने दाखवून दिले होते. शिंगणापूरपासून पाच-सहा किलोमीटरवरच्या सोनई परिसरात १ जानेवारी २०१३ रोजी तीन दलित तरुणांची हत्या झाली. कारण आंतरजातीय प्रेमसंबंध. २०१८ मध्ये नाशिकच्या सत्र न्यायालयाने या खटल्यात सहा जणांना फाशीची शिक्षा सुनावली. जामखेड तालुक्यातील खर्डा येथे २८ एप्रिल २०१४ रोजी एका दलित विद्यार्थ्याचा खून झाला. वरच्या मानल्या गेलेल्या जातीतील मुलीशी त्याचे बोलणे असल्याचा राग त्यामागे होता, असा आरोप होता. या खटल्यातील आरोपी पुढे निर्दोष सुटले. 'सैराट' पडद्यावर आला तो खर्ड्याच्या घटनेला दोन वर्षे पूर्ण झाल्याच्या दुसऱ्या दिवशी. दारे नसलेल्या गावाच्या आसमंतात उंबरठे किती कठीण होते, हे या दोन खटल्यांवरून कळते.

११/
त्यानंतर जे घडले ते सर्वश्रुत आहे. काही ठिकाणी मध्यरात्री आणि पहाटे खेळ लावावे लागले. जगभरातील कमाईत शंभर कोटींचा टप्पा ओलांडणारा पहिला मराठी चित्रपट म्हणून 'सैराट'ची नोंद झाली. अकलूजच्या मुलीला मात्र शाळेत जाणे अशक्य झाले, कारण जिथे ती जाई तिथे गर्दी जमे. मार्च २०१७ ची दहावीची परीक्षा तिने बहिःस्थ विद्यार्थिनी म्हणून दिली आणि ६६ टक्के गुण मिळवले. निकाल राज्यभर बातमीचा विषय झाला, त्यावर विनोदही झाले. यशाची किंमत शाळकरी मुलीने कशी मोजली, त्याचा हा छोटासा पण बोलका पुरावा आहे.

१२/
पुढचा प्रश्न खरा ऐतिहासिक आहे : पहिले पाऊल पडल्यानंतर काय होते?

२०१७ मध्ये 'सैराट'ची कन्नड आवृत्ती 'मनसु मल्लिगे' आली. त्यात रिंकूने तीच भूमिका पुन्हा केली. त्याच वर्षी पंजाबी आणि ओडिया आवृत्त्या आल्या. जुलै २०१८ मध्ये हिंदीत 'धडक' आला. कथा उदयपूरला गेली, नायिका जान्हवी कपूर झाली आणि जातीचा धारदार प्रश्न बराचसा बोथट झाला. मराठीतील मूळ कथा देशभर फिरली, परंतु ती जिने उभी केली तिला हिंदी पडद्याने त्या वेळी बोलावले नाही.

१३/
मराठीतही वाट लांबली. 'सैराट'नंतरचा तिचा मराठी चित्रपट 'कागर' आला तो २६ एप्रिल २०१९ रोजी, म्हणजे तब्बल तीन वर्षांनी. दिग्दर्शक मकरंद माने, पार्श्वभूमी ग्रामीण राजकारणाची. ७ फेब्रुवारी २०२० रोजी 'मेकअप' आला. दोन्ही चित्रपटांना 'सैराट'च्या जवळपासचेही यश मिळाले नाही. प्रेक्षकाला आर्चीच हवी होती आणि आर्ची दुसऱ्यांदा घडत नसते. पहिल्याच भूमिकेत अडकून पडलेल्या अभिनेत्री मराठी चित्रपटाच्या इतिहासात कमी नाहीत. रिंकूचे नाव त्याच यादीत जाईल, असे वाटावे अशी ती वेळ होती.

१४/
येथे पुन्हा २०१६ कडे वळावे लागते, कारण त्या वर्षी आणखी एक दार किलकिले झाले होते. जानेवारीत नेटफ्लिक्स भारतात आले. सप्टेंबरमध्ये जिओची सेवा सुरू झाली आणि मोबाइलवरील इंटरनेट झपाट्याने स्वस्त झाले. डिसेंबरमध्ये अ‍ॅमेझॉन प्राइम व्हिडिओ दाखल झाले. हॉटस्टार एक वर्ष आधीच सुरू झाले होते. जत्रेतल्या तंबूत पडद्यासमोर स्त्रियांची बसायची बाजू वेगळी असे. गावातल्या थिएटरात रात्रीच्या खेळाला मुलीने एकटीने जाणे दुर्मीळ होते. आता पडदा हातात आला. काय पाहायचे आणि केव्हा, हे ठरवण्याची मोकळीक, जिच्या हाती फोन होता तिला तरी, मिळाली.

१५/
या नव्या पडद्यावर मराठी अभिनेत्री लवकर दिसू लागल्या. २०१८ या एका वर्षात राधिका आपटे नेटफ्लिक्सच्या 'लस्ट स्टोरीज', 'सेक्रेड गेम्स' आणि 'घूल' अशा तीन कलाकृतींत होत्या. त्यांपैकी 'लस्ट स्टोरीज'मधील त्यांच्या कथेत समोर होता आकाश ठोसर, म्हणजे 'सैराट'चा परश्या. २०१९ मध्ये प्रिया बापट यांनी 'सिटी ऑफ ड्रीम्स'मध्ये राजकीय घराण्यातील पूर्णिमा गायकवाड साकारली, तर 'सेक्रेड गेम्स'च्या दुसऱ्या पर्वात अमृता सुभाष दिसल्या. चित्रपटगृहाला 'चेहरा' लागतो, मालिकेला व्यक्तिरेखा लागते, हा फरक या अभिनेत्रींच्या पथ्यावर पडला.

१६/
मार्च २०२० मध्ये टाळेबंदी लागली आणि चित्रपटगृहे बंद झाली. २५ एप्रिल २०२० रोजी डिज्नी प्लस हॉटस्टारवर 'हंड्रेड' ही आठ भागांची मालिका आली. लारा दत्ता पोलीस अधिकाऱ्याच्या भूमिकेत आणि रिंकू नेत्रा पाटील या मुंबईच्या साध्या घरातील मुलीच्या. आयुष्याचे शंभरच दिवस उरलेत, असे समजल्यावर नेत्रा पोलिसांसाठी गुपचूप काम करू लागते. आडनाव पुन्हा पाटीलच, पण या पाटलीणबाईंमागे वाडा नाही, बुलेट नाही. विनोद, धावपळ आणि हिंदी संवाद यांत रिंकूला प्रथमच 'सैराट'च्या सावलीबाहेर पाहता आले. तिचा बारावीचा निकाल त्याआधीच, २०१९ च्या उन्हाळ्यात लागला होता.

१७/
डिसेंबर २०२० मध्ये अ‍ॅमेझॉन प्राइमवर 'अनपॉज्ड' हा पाच लघुकथांचा संग्रह आला. त्यातील तनिष्ठा चॅटर्जी दिग्दर्शित कथेत रिंकू आणि लिलेट दुबे आहेत. टाळेबंदीतील एकटी तरुणी, शेजारची एकटी वृद्धा आणि घरात शिरलेला उंदीर, एवढाच पसारा. प्रेमकथा नाही, नायक नाही. दोन स्त्रियांनी एकमेकींसाठी दार उघडण्याची ही गोष्ट मराठी चित्रपटगृहांच्या गणितात बसली असती का, याची शंकाच आहे.

१८/
या टप्प्यातील सर्वांत महत्त्वाची भूमिका २० ऑगस्ट २०२१ रोजी झी फाइव्हवर आली : '२०० हल्ला हो'. आधार सत्यघटनेचा. १३ ऑगस्ट २००४ रोजी नागपूरच्या न्यायालयात कस्तुरबानगर वस्तीतील सुमारे दोनशे स्त्रियांच्या जमावाने अक्कू यादव या गुंडाला ठार केले. त्याच्या अत्याचारांच्या तक्रारी वर्षानुवर्षे दुर्लक्षित राहिल्या होत्या. चित्रपटात अमोल पालेकर निवृत्त दलित न्यायाधीशाच्या भूमिकेत आहेत आणि रिंकू आशा सुर्वे या शिकलेल्या दलित तरुणीच्या. वस्तीतील स्त्रियांच्या गप्प राहिलेल्या वेदनेला आशा कायद्याच्या भाषेत मांडू पाहते.

१९/
अर्चना पाटील ते आशा सुर्वे, हा आडनावांचा प्रवास ध्यानात घेण्यासारखा आहे. पाच वर्षांपूर्वी ज्या अभिनेत्रीने जातीच्या उतरंडीच्या वरच्या टोकाची मुलगी उभी केली, तिनेच आता खालच्या टोकावरून प्रश्न विचारला. आर्चीचा आवाज वाड्याने दिलेला होता, आशाने तो शिक्षणातून आणि रागातून मिळवला आहे. चित्रपटाच्या मांडणीवर मतभेद होऊ शकतात. काही ठिकाणी तो भाषणाकडे झुकतो. तरीही रिंकूच्या कामात जी परिपक्वता दिसते, तिच्यासाठी हा टप्पा निर्णायक मानावा लागेल.

२०/
महिन्याभरातच, सप्टेंबर २०२१ मध्ये नेटफ्लिक्सवर 'अनकही कहानियाँ' आली. तीन कथांपैकी अभिषेक चौबे यांची कथा कन्नड लेखक जयंत कायकिणी यांच्या लेखनावर आधारलेली आहे. मुंबईचे एकपडदा चित्रपटगृह, तेथे काम करणारा तरुण आणि चित्रपट पाहायला येणारी मुलगी. रिंकू येथे पडद्यावरची नायिका नाही, अंधारात बसून पडद्याकडे पाहणारी प्रेक्षक आहे. संवाद थोडे, काम सारे नजरेचे. एकपडदा थिएटरांच्या गर्दीने घडवलेली अभिनेत्री त्याच थिएटरांच्या आठवणीची कथा मोबाइलच्या पडद्यावर सांगत होती.

२१/
एप्रिल २०२० ते सप्टेंबर २०२१ या दीड वर्षात चार वेगवेगळ्या मंचांवर चार कलाकृती. हा हिशेब मांडताना दुसरी बाजूही पाहावी लागते. एक म्हणजे चारही कलाकृती मुख्यतः हिंदीत आहेत. ज्या बोलीने 'सैराट'मध्ये थिएटरे दणाणली, त्या अकलूज-करमाळ्याच्या मराठीला या मोठ्या मंचांवर फारशी जागा मिळाली नाही. दुसरे म्हणजे चित्रपटगृहाचा गल्ला मोजता येतो, पण मंचावर किती जणांनी काय पाहिले, याचा हिशेब बहुधा कंपनीकडेच राहतो. उद्याच्या इतिहासकाराला २०१६ ची रिंकू आकड्यांत सापडेल, २०२१ ची शोधावी लागेल.

२२/
४ मार्च २०२२ रोजी मंजुळे यांचा 'झुंड' चित्रपटगृहांत आला. अमिताभ बच्चन मध्यवर्ती भूमिकेत, विषय नागपूरच्या झोपडपट्टीतील फुटबॉल. रिंकूने साकारलेली मोनिका ही आदिवासी मुलगी खेळासाठी परदेशी जायचे म्हणून पासपोर्ट काढू पाहते आणि आपण कोण आहोत हे सिद्ध करणारा कागद मिळवण्यासाठी बापलेकीला दारोदार फिरावे लागते. भूमिका छोटी आहे, पण चित्रपटाचे मर्म तिच्यात आहे. त्याच वर्षी 'आठवा रंग प्रेमाचा' आला आणि नोव्हेंबर २०२३ मध्ये हेमंत ढोमे यांचा 'झिम्मा २', ज्यात बायकांचा गट इंग्लंडला सहलीला जातो. नायिकेभोवती नायक असलाच पाहिजे, हा नियम इथेही मोडलेला होता आणि चित्रपटगृहे भरली होती.

२३/
'सैराट'मध्ये हैदराबादेत आर्ची-परश्याला आसरा देणारी अक्का छाया कदम यांनी साकारली होती. २०२४ मध्ये 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट' या चित्रपटासह त्या कान महोत्सवात पोहोचल्या आणि चित्रपटाला ग्रां प्री मिळाले. एकाच चित्रपटातील दोन अभिनेत्री, एक शाळकरी आणि एक अनुभवी, वेगवेगळ्या वाटांनी पुढे गेल्या. दोघींच्याही बाबतीत महत्त्वाचे ठरले ते पहिल्या यशानंतरचे काम.

२४/
पुन्हा शिंगणापूर. ८ एप्रिल २०१६ ही तारीख इतिहासात नोंदली गेली आहे. नोव्हेंबर २०१५ मध्ये एकटीने चौथरा चढून गेलेल्या स्त्रीची आठवण मात्र 'एक महिला' एवढीच उरली. आणि पाडव्यानंतर ज्या स्त्रिया तेथे आल्या, रांगेत उभ्या राहिल्या, वर गेल्या आणि घरी परतल्या, त्यांची बातमी झाली नाही. हक्क रुळतो तो अशा बातमी न होणाऱ्या दिवसांत.

२५/
१९१३ च्या कमलाबाईंचे नाव 'पहिली' म्हणून पाठ केले जाते. २०१६ ची आर्चीही तशीच पाठ झाली आहे. पण रिंकू राजगुरूच्या कारकिर्दीचा अभ्यास करायचा, तर 'सैराट'नंतरची पाने उघडावी लागतील : नेत्रा, आशा, थिएटरच्या अंधारातली ती मुलगी, पासपोर्टच्या रांगेतली मोनिका. यांतल्या कुणासाठीही पहाटेचे खेळ लागले नाहीत. तरीही २०१६ मध्ये पडद्यावर आलेली अकलूजची मुलगी पडद्यावर टिकली कशी, या प्रश्नाचे उत्तर याच चौघींपाशी आहे.

(धागा समाप्त)